गाठीवालीचा पुठ्ठा

गेमसाठी कथा लिहायचं पहिलं काम मिळालं तेव्हा मी मालवणात होते, आजही मालवणातच आहे. पुण्याच्या एका स्टुडिओसाठी लिहिते आणि पावसात नेट गेलं की शेजारच्यांच्या गच्चीवर जाऊन बसते. या कामात नव्याने येणारी मुलं विचारतात, अख्खी दुनिया रचायची तर सुरुवात कुठून करायची? मी त्यांना या पहिल्या कामाबद्दलच सांगते, कारण ते मी दोनदा बिघडवलं.

मागणी एका ओळीची होती. कल्पित दुनियेतली एक दर्यावर्दी बाई, स्वतः यंत्रं शोधणारी, आता दंतकथा होऊन बसलेली. मी तिचं नाव गाठीवाली ठेवलं. पहिल्या मसुद्यात तिच्या हातात घरची दिशा दाखवणारी सोन्याची तबकडी दिली, आकाशात दोन चंद्र टांगले आणि तीन वादळं तिच्याकडून हरवून घेतली. मसुदा परत आला. खाली शेरा होता, 'ही शोधते कधी? नुसती जिंकतेय.' दोन दिवस चिडचिड केली. मग पटलं.

तेव्हा जून चालू होता. १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते, बोटी किनाऱ्यावर ओढलेल्या आणि तांडेल घरी. तुम्हाला समुद्राचं काही विचारायचं असेल तर हे दोन महिने सोडू नका, एरवी त्यांना तुमच्याशी बोलायला सवड नसते. शेजारचे काका चाळीसेक वर्षं तांडेल, म्हणजे बोटीचे म्होरके, होते. ओटीवर जाळं शिवत बसले होते. मी त्यांना माझा लाडका प्रसंग वाचून दाखवला: अवसेची रात्र, मिट्ट काळोख, आणि गाठीवाली ताऱ्याची उंची मोजतेय.

काकांनी सुई थांबवली. "अवसेच्या काळोखात दर्याची कड खंय दिसतली गो तुका?"

झालं. ताऱ्याची उंची मोजायची ती क्षितिजापासून, आणि काळोखात क्षितिजच नसतं. तारा आणि पाण्याची कड दोन्ही एकदम दिसतात ती दिवेलागणीला किंवा पहाटे थोडाच वेळ, नाहीतर चांदण्यात. एवढ्या एका वाक्याने माझा प्रसंग बुडाला आणि त्याहून चांगला हाती आला, कारण आता गाठीवालीकडे अख्खी रात्र नव्हती, जेमतेम पंधरा-वीस मिनिटं होती.

सोन्याची तबकडी मी फेकून दिली आणि तिला 'कमाल' नावाचं साधन दिलं. अरबी नाविक हे वापरायचे: लाकडाची छोटी फळी आणि तिच्या मधून निघालेली गाठी मारलेली दोरी. गाठ दातात धरायची, दोरी ताणायची, फळीची खालची कड क्षितिजाला लावायची. वरची कड ध्रुवाला टेकली तर ती गाठ ज्या बंदराची, त्या बंदराच्या अक्षांशावर तुम्ही आलात. मग ती गाठ न सोडता सरळ पूर्वेला किंवा पश्चिमेला जात राहायचं. प्रत्येक बंदराला एक गाठ.

याबद्दल वाचू नका, आधी ते करा. मी लग्नपत्रिकेचा पुठ्ठा १० सेंटिमीटर उंचीचा कापला. ध्रुवाची उंची साधारण आपल्या अक्षांशाएवढी असते. मालवण १६ अंशांवर, म्हणून गाठ पुठ्ठ्यापासून साडेपस्तीस सेंटिमीटरवर येते. मुंबई १९ अंशांवर, तिची गाठ तीसवर. तारा जितका वर, तितकी दोरी आखूड. विजयदुर्ग मालवणापेक्षा अर्धा अंश उत्तरेला आहे आणि दोघांच्या गाठींत फरक फक्त एका सेंटिमीटरचा. समुद्रावर तेच अंतर पंचावन्न किलोमीटर! आकडे मांडून झाल्यावर मी बराच वेळ त्या एका सेंटिमीटरकडे बघत बसले होते. गाठीवालीचं सगळं भय त्यात होतं, राक्षस लागलाच नाही.

किनाऱ्यावरून हे जमत नाही. आपला समुद्र पश्चिमेला आणि ध्रुव उत्तरेला, तिथे आडवे येतात माड. ऑक्टोबरात काकांच्या मुलाच्या होडीतून बाहेर गेले. होडी हलते, डोळ्यात पाणी येतं, दातातली दोरी खारट लागते. गाठ तेहतीसवर बसली. सिंधुदुर्ग किल्ला समोर दिसत होता आणि हिशोबाने मी गणपतीपुळ्याच्या पुढे गेले होते. काकांचा मुलगा अजून मला 'पुळ्याची बाय' म्हणतो.

ती चूक तशीच्या तशी कथेत गेली. शिवाय आपला ध्रुवतारा आकाश ज्याभोवती फिरताना दिसतं त्या ध्रुवबिंदूवर नेमका नाही, अर्ध्या अंशाहून थोडा लांब आहे आणि त्याच्याभोवती छोटा फेरा घेतो. माझ्या दुनियेत त्या ताऱ्याला खुंटा म्हणतात, आणि खुंटा हलत नाही हे तिथल्या पुजाऱ्यांचं शास्त्र. गाठीवालीचा मोठा शोध फळी-दोरी नाहीच. खुंटा हलतो, हा आहे. तो तिला लागला तो वर्षानुवर्षं एकाच बंदराची गाठ चुकत राहिल्यामुळे. हे सुचलं त्या दिवशी मी काकांकडे मोदक घेऊन गेले होते.

दोन चंद्रांचं थोडक्यात सांगते, कारण सगळे नवे लोक दोन चंद्र टांगतात. आपल्याकडे भरतीचा ठोकताळा सोपा: तिथीची पाऊणपट. पंचमीला पावणेचारच्या सुमारास भरती, पौर्णिमेला सव्वाअकराच्या. एका चंद्रावर हे जमतं. दुसरा आला की उधाण (मोठी भरती) आणि भांग (लहान भरती) यांचं गणित नव्याने मांडा, बंदरात कुठली होडी कधी शिरते ते सगळं बदला. मी तीन आठवडे घालवले आणि शेवटी दुसरा चंद्र काढला. वाचणाऱ्यांना तो नसल्याचं कळलंही नसतं.

काकांनी शेवटचा मसुदा ऐकला तेव्हा एकच विचारलं, "तुझी ती कधी चुकता काय?" मी म्हटलं, सारखी चुकते. "मगे बरा. चुकना नाय ती तांडेलीण कसली?"

आता दुसरा भाग मागितलाय. गाठीवाली दक्षिणेला विषुववृत्ताच्या पलीकडे जाते. तिथे खुंटा पाण्याखाली जातो आणि दोरीवरच्या सगळ्या गाठी निकामी होतात. पुढे ती काय करते ते मला अजून सुचलेलं नाही. काकांना विचारलं तर म्हणाले, "थंय मी गेलंय नाय. तुझा तूच बघ." बंदी उठायला अजून तीन आठवडे आहेत, रोज संध्याकाळी जाऊन बसतेय.