हल्ल्यातल्या जखमेचा जुना व्रण: ‘अवैध कोड’ येत असेल तर (माझा अनुभव)

पुण्यात बसून अमेरिकन रुग्णालयांचे विम्याचे क्लेम कोड करणाऱ्यांसाठी (म्हणजे आजार-जखमांना ठरलेले कोड देणाऱ्यांसाठी).

केस अशी: चाकूहल्ल्यात उजव्या हाताच्या पंजाला झालेली जखम कधीच भरली, रुग्ण आला तो दुखऱ्या व्रणासाठी. वाय८७.१ (हल्ल्याचे उत्तरपरिणाम, म्हणजे मागे राहिलेला त्रास) टाकला की सॉफ्टवेअर ‘अवैध कोड’ म्हणायचं. मग जखमेच्या कोडला शेवटी ए लावून पाहिला, नंतर डी, क्लेम परत. डोक्याचा पार भुगा झाला.

वाय८७.१ जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० या कोडयादीत आहे, अमेरिकेच्या आयसीडी-१०-सीएम या यादीत नाही. तिथे उत्तरपरिणाम दाखवायचं काम कोडच्या सातव्या जागेवरचा एस करतो. ए सक्रिय उपचारासाठी, डी जखम भरत असतानाच्या भेटींसाठी.

चाललेला क्रम:

१. आधी आजची तक्रार: एल९०.५, म्हणजे व्रण. याला एस लावायचा नाही. (डॉक्टरांनी केलॉइड, म्हणजे जास्त वाढलेला उंच व्रण, लिहिलं असेल तर एल९१.०.)

२. मग मूळ जखम: एस६१.४११एस. सहा जागा आधीच भरलेल्या, त्यामुळे मध्ये काही घालायचं नाही.

३. शेवटी कारण: एक्स९९.१एक्सएक्सएस. इथे पाचवी आणि सहावी जागा रिकामी, म्हणून दोन एक्स. त्यातला एक गळला तरी कोड अवैध. कारणाचा कोड पहिला कधीच येत नाही.

वाय९२ (घटनास्थळ) आणि वाय९३ (त्या वेळची कृती) काढून टाका. घटनास्थळ पहिल्या भेटीतच एकदा नोंदवतात, आणि कृतीचा कोड अशा उत्तरपरिणामांना लागूच नाही. जुन्या टेम्प्लेटमधून हे दोन्ही हमखास चिकटून येतात.