ढोलाला घाबरणाऱ्या कुत्र्याची तयारी आषाढातच करा

गणपती बसल्यावर धावपळ करून उपयोग नसतो. कुत्र्याला ढोलताशाची सवय लावायची तर आषाढातच सुरुवात हवी. आमची कुत्री ठमी ठाण्यातल्या नौपाड्याच्या रस्त्यावरची, मोठी झाल्यावर घरी आलेली. तिच्यासोबत जे करते, तेच सांगते.

आधी डॉक्टरांकडून तपासून घ्या. कान किंवा सांधे दुखत असले तर आवाजाची भीती वाढते.

मग भीती ओळखायला शिका. शेपूट पायांत जाते तोवर उशीर झालेला असतो. त्याआधी ठमी काही खाल्लेलं नसताना नाक चाटते, जांभई देते, डोळ्याच्या कडेचा पांढरा भाग दाखवते. एरवी चिकनवर तुटून पडणारी ही पोरगी तुकडा तोंडात घेऊन खाली टाकते. तिथे थांबायचं.

मोबाइलवर ढोल लावा, पण इतका हळू की फक्त कान वळेल. ढोल ऐकू आला की लगेच उकडलेल्या चिकनचा हरभऱ्याएवढा तुकडा द्या. मीठ, कांदा, लसूण अजिबात नको. ढोल थांबला की खाऊही थांबला. हा क्रम उलटा करू नका, नाहीतर चिकन दिसलं की आता ढोल येणार, अशी धास्ती बसते. दोन-तीन मिनिटं पुरे. ढोल लागताच कुत्रं खुशीत तुमच्या हाताकडे बघायला लागलं, की मगच आवाज किंचित वाढवा.

ढोलाचा दणका मात्र मोबाइलमधून येत नाही. त्यासाठी पावसाळ्यात पथकांचा सराव सुरू झाला की लांबच्या गल्लीत उभं राहायचं, जिथे कुत्रं निवांत खाऊ शकतं. अंतर हळूहळू कमी करा. नवी जागा असेल त्या दिवशी आणखी लांब राहा. गळ्यातला पट्टा घाबरलेलं कुत्रं मान मागे ओढून सोडवतं, म्हणून छातीचा पट्टा घाला. दोरी सैल ठेवा.

‘एकदा मिरवणुकीत ने, भीड चेपेल’ असं सांगणारे भेटतील. कृपा करून ऐकू नका. पळायला वाट नसलेलं कुत्रं थिजून उभं राहतं आणि लोकांना वाटतं शांत झालं. घाबरून कुशीत आलं तर खुशाल जवळ घ्या, लाडाने भीती वाढत नाही.

दीड दिवसाचे गणपती, गौरी-गणपती, अनंत चतुर्दशी, या विसर्जनांना सराव बंद. मसुंदा तलावाकडे विसर्जनाच्या मिरवणुका निघायच्या आत फिरवून आणा. मग आतली खोली, बंद खिडक्या, पंखा आणि टीव्ही चालू. दार ओरबाडणं, खाणं सुटणं इथवर गेलं तर डॉक्टर औषध देतात, ते सणाच्या बरंच आधी विचारा. माणसांची झोपेची गोळी कधीही देऊ नका.

ढोलाची सवय फटाक्यांना लागू पडत नाही. विसर्जनानंतर काही दिवस विश्रांती द्या आणि दिवाळीसाठी फटाक्यांच्या रेकॉर्डिंगवर पुन्हा अगदी हळू आवाजापासून सुरू करा.