डबल डोअर फ्रीजचा डिफ्रॉस्ट टायमर शोधताय? या चुका टाळा

आखाड लागला की माझा फोन दोन कारणांनी वाजतो. एक, मटणाला या म्हणून. दुसरं, "वर बर्फ हाय आणि खाली दूध नासतंय" म्हणून. गेल्या आखाडात कोल्हापुरातल्या मंगळवार पेठेतल्या एका वहिनींचा फोन आला तो दुसऱ्या कारणासाठी. फ्रीज डबल डोअर, नऊ-दहा वर्षांचा. "दोन महिन्यांत दोनदा गॅस भरला की ओ दादा. भरला की आठ दिवस ब्येस चालतोय, परत हाय तेच."

मी विचारलं, गॅस भरायला फ्रीज दुकानात नेला होता का? होय, दोन्ही वेळा. दोन-दोन दिवस तिथंच पडून होता. मग माझं निम्मं काम फोनवरच झालं. फ्रीज दोन दिवस बंद राहिला, आत साठलेला बर्फ वितळून गेला, म्हणून तो आठ दिवस चालला. गॅसचा यात काही संबंध नव्हता. बिघाड डिफ्रॉस्टचा, म्हणजे साठलेला बर्फ वेळोवेळी वितळवणाऱ्या यंत्रणेचा होता आणि तो दोन्ही वेळा फ्रीजसोबत घरी परत आला.

फ्रॉस्ट फ्री, म्हणजे अशा डबल डोअर फ्रीजमध्ये बर्फ होतच नाही, असा अनेकांचा समज असतो. बर्फ होतो, फक्त तो आपल्याला दिसत नाही. फ्रीजरच्या मागच्या प्लॅस्टिक पॅनेलआड थंड होणारी कॉइल असते. पंखा तिच्यावरची हवा फ्रीजरमध्ये आणि खालच्या कप्प्यात ढकलतो. हवेतली ओल कॉइलवर बर्फ होऊन बसते. कॉम्प्रेसर साधारण ६ ते १२ तास चालला की टायमर त्याला आणि पंख्याला थांबवतो आणि वीस-तीस मिनिटं कॉइलखालचा हिटर चालू करतो. बर्फाचं पाणी होतं आणि नळीतून कॉम्प्रेसरजवळच्या ट्रेमध्ये जाऊन वाळतं. हे चक्र तुटलं की कॉइल बर्फानं लिंपली जाते, हवेची वाट बंद होते, आणि वरचं गोठलेलं राहून खालचं आधी नासायला लागतं. आपल्याकडं जुलैत हवाच इतकी ओली असते की जे उन्हाळ्यात महिन्यानं कळलं असतं, ते आठवड्यात कळतं.

पहिली चूक: "गॅस संपलाय" हे न बघता मान्य करणं

सगळ्यात महाग चूक हीच, म्हणून हिच्यावर जरा जास्त लिहितो. पॅनेल काढल्यावर कॉइलवरचा बर्फ कसा बसलाय ते बघा. वरपासून खालपर्यंत, या टोकापासून त्या टोकापर्यंत सगळीकडं सारखा जाड पांढरा थर असेल तर गॅस आहे. गॅस नसता तर इतका बर्फ झालाच नसता. गॅस कमी झालेल्या फ्रीजमध्ये कॉइलच्या एकाच कोपऱ्यात, गॅस आत येतो त्या बाजूला, थोडासा बर्फ दिसतो आणि बाकीची कॉइल कोरडी किंवा नुसती ओली असते. हा फरक डोळ्यांना दिसतो, त्याला मशीन लागत नाही. मेकॅनिक आला आणि पॅनेल न काढताच सिलिंडर आणायला निघाला, तर त्याला चहा द्या आणि आधी पॅनेल काढायला सांगा.

दरवाजाचं रबर मात्र यात फसवतं. ते फाटलेलं असलं तरी बर्फ होतो. दारात कागद धरून दार लावा आणि कागद ओढून बघा. सहज निघून आला तर आधी रबराकडं वळा.

सिंगल डोअरमध्ये टायमर शोधणं

हे थोडक्यात. साध्या डायरेक्ट कूल फ्रीजमध्ये टायमर नसतो. थर्मोस्टॅटच्या गोल बटणाच्या मधोमध जे छोटं बटण असतं, ते दाबलं की कॉम्प्रेसर थांबतो आणि बर्फ आपोआप वितळतो, एवढंच तिथलं डिफ्रॉस्ट. त्यात हिटरही नसतो. एका पोरानं व्हिडिओ बघून तसल्या फ्रीजचा मागचा सगळा पत्रा सोडवलेला मी पाहिलाय.

टायमरसाठी फ्रीजरचं पॅनेल फाडणं

बर्फ फ्रीजरमध्ये दिसतो म्हणून लोक टायमरही तिथंच शोधतात. पॅनेलआड कॉइल, हिटर, पंखा, कॉइलला चिकटवलेला बायमेटल (थंडीत जोडणारा, गरमीत तोडणारा स्विच) आणि थर्मल फ्यूज (हिटर फार तापला तर वीज तोडणारा) असतात. टायमर तिथल्या थंडीत सहसा बसवत नाहीत.

तो पुढच्यापैकी एका ठिकाणी असतो. आपल्याकडच्या जुन्या डबल डोअरमध्ये पहिली जागा म्हणजे खालच्या कप्प्याच्या छतावरचा, बल्ब आणि थर्मोस्टॅटचा बॉक्स. त्याचे स्क्रू दिसत नाहीत. नखाएवढ्या प्लॅस्टिकच्या टोपीखाली लपलेले असतात. टोपी स्क्रू ड्रायव्हरनं उचकटली की तुटते किंवा उडून ओट्याखाली जाते. जुन्या एटीएम कार्डाच्या कोपऱ्यानं उचला. बॉक्स खाली आला की वायर्सवर लोंबकळू देऊ नका, एका हातानं धरा. आत थर्मोस्टॅटच्या बाजूला काडेपेटीपेक्षा जरा मोठी प्लॅस्टिकची डबी दिसेल. तिला चार पिना असतात आणि एका बाजूला स्क्रू ड्रायव्हर बसेल अशी खाच असलेली गोल चकती असते. तोच टायमर.

दुसरी जागा मागं, तळाशी, कॉम्प्रेसरच्या खणात. मागचा पत्रा किंवा पुठ्ठा काढला की बाजूच्या भिंतीला तो स्क्रूनं लावलेला दिसतो. तिसरी जागा पुढून, दाराच्या खालच्या जाळीआड. ही मोठ्या अमेरिकन पद्धतीच्या फ्रीजमध्ये, आपल्याकडं क्वचितच.

आणि नव्या फ्रीजमध्ये, विशेषतः इन्व्हर्टरवाल्यात, डबी सापडणारच नाही. तिचं काम पीसीबी, म्हणजे इलेक्ट्रॉनिक बोर्ड करतो. तो मागच्या बाजूला झाकणाच्या खणात असतो, कधी वरच्या बिजागरीच्या टोपणाआड. त्याला फिरवायला खाच नसते. बटणं ठरावीक पद्धतीनं दाबून डिफ्रॉस्ट लावावं लागतं आणि ती पद्धत मॉडेलप्रमाणं बदलते. फ्रीजच्या मागं किंवा झाकणाच्या आतल्या बाजूला वायरिंगचा नकाशा चिकटवलेला असतो. काहीही सोडवण्याआधी त्याचा फोटो काढा. त्यात टायमर लिहिलाय की बोर्ड, हे पाच मिनिटांत कळतं.

पॅनेलआड घाई करायची चूक मीही केली आहे. उमेदवारीच्या दिवसांत मालकाला घाई होती, मला त्याहून जास्त. पॅनेलमागचा बर्फ निघेना म्हणून मी स्क्रू ड्रायव्हरनं टोचायला लागलो. फुस्स असा बारीक आवाज आला आणि पुढच्या दहा सेकंदांत एक चांगला फ्रीज भंगारात जायच्या लायकीचा झाला. कॉइलची अॅल्युमिनियमची नळी पातळ असते. आता तर नव्या फ्रीजमध्ये आर-६००ए, म्हणजे आयसोब्युटेन भरलेला असतो, जो पेट घेतो. म्हणून सुरी नको, मेणबत्ती नको, हीट गनही नको. प्लग काढा, दोन्ही दारं उघडी ठेवा, फ्रीजरमध्ये गरम पाण्याचं पातेलं ठेवा आणि खाली जुनी चादर अंथरा. कॉइलच्या मागचा बर्फ जायला रात्र जाते, कधी पूर्ण दिवस. पॅनेलच्या चाप्या थंडीत कडक होऊन तुटतात, त्यामुळंही थांबणं फायद्याचं. पॅनेल ओढताना पंख्याच्या वायरचा कनेक्टर आधी सोडवा. मागचा थर्मोकोल होता तसाच परत बसला पाहिजे, नाहीतर थंड हवा भलतीकडं पळते.

टायमर उलटा फिरवणं

चकती घड्याळाच्या काट्याच्या दिशेनंच फिरवायची. उलटी फिरवली की आतली दातेरी चाकं खराब होतात. आणि प्लग लावलेला असताना फिरवायची नाही. शेजारच्या पिनांवर २३० व्होल्ट असतात. बंद फ्रीजमध्येही "टक" असा आवाज स्पष्ट येतो. स्वयंपाकघरातला मिक्सर तेवढा बंद ठेवा.

पहिला टक झाला की थांबा. दुसरा टक तिथून अगदी जवळ असतो आणि जोरात फिरवणाऱ्याचे दोन्ही एकाच झटक्यात होऊन जातात. मग तो म्हणतो, काहीच होत नाही. पहिल्या टकनंतर बॉक्स झाकून प्लग लावा. दिवा लागतो, पण कॉम्प्रेसर आणि पंखा गप्प असतात. कॉइल पुरेशी थंड असेल तर काही मिनिटांत फ्रीजरच्या मागून तव्यावर पाण्याचा थेंब पडल्यासारखं चुरचुर ऐकू येतं. ते ऐकू आलं तर हिटर, बायमेटल, फ्यूज तिन्ही ठीक आहेत, आणि टायमरवर संशय घ्यायला जागा आहे. ऐकू आलं नाही तर नवा टायमर आणायला धावू नका, बिघाड पॅनेलआड असण्याची शक्यता जास्त.

टायमर आपोआप पुढं सरकतोय का, हे बघायला चकतीवर आणि डबीवर पेन्सिलीची एक रेघ ओढा. फ्रीज तीन-चार तास चालवा, प्लग काढा, बघा. रेघ जिथल्या तिथं असेल तर त्याची मोटर गेली.

लाइट आल्याबरोबर निष्कर्ष काढणं

वारं सुटलं की आपल्याकडं लाइट जाते, आणि लाइट गेल्यावर जुना टायमर जिथं असेल तिथंच थांबतो. समजा तो डिफ्रॉस्टमध्ये असताना थांबला. लाइट आल्यावर दिवा लागेल, पण कॉम्प्रेसर अर्धा तास लागणार नाही. कसबा बावड्यात अशाच एका घरी मी भर पावसात गेलो, आणि मी बूट काढेपर्यंत फ्रीज आपोआप चालू झाला. त्यांनी कांदाभजी केली होती, म्हणून राग आला नाही. अशा वेळी पाऊण तास थांबा. प्लग काढला असेल तर परत लावण्याआधी पाच मिनिटं जाऊ द्या, नाहीतर गॅसच्या दाबाविरुद्ध कॉम्प्रेसरला उठता येत नाही.

गरम बायमेटल तपासून फेकून देणं

ही शिकलेल्या माणसांची चूक. मल्टिमीटर आणतात, बायमेटल टेबलावर ठेवतात, कंटिन्युटी, म्हणजे वीज आरपार जाते याची खूण येत नाही म्हणून "गेला" म्हणतात. अहो, तो गरमीत उघडाच असतो, ते त्याचं कामच आहे. शून्याच्या बऱ्यापैकी खाली गेला की तो जोडतो, आणि बर्फ वितळून कॉइल दहा-पंधरा अंशांवर आली की तोडतो. त्याला प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून मटणाच्या शेजारी चालू फ्रीजरमध्ये तासभर ठेवा, मग काढल्याबरोबर तपासा. नव्या फ्रीजमध्ये बायमेटलऐवजी सेन्सर असतो. त्याचा रेझिस्टन्स थंडीत वाढला पाहिजे आणि हाताच्या उबेनं उतरला पाहिजे.

थर्मल फ्यूजचं उलट आहे. तो गरम असो की गार, जोडलेलाच दिसला पाहिजे. हिटरचा रेझिस्टन्स त्याच्या वॅटवर ठरतो. २३० व्होल्टवरचा १५० वॅटचा हिटर सुमारे ३५० ओहम दाखवतो. मीटर काहीच दाखवत नसेल तर हिटर तुटलाय.

फ्यूज उडालेला सापडला म्हणून त्याच्या दोन वायरी पिळून जोडणारे महाभाग आहेत. फ्रीज त्या दिवशी चालतो. पुढं कधीतरी बायमेटल चिकटला की हिटर थांबवणारं कोणी उरत नाही, आणि आजूबाजूला सगळं प्लॅस्टिक आणि फोम असतो. या जुगाडाला माझी कायमची ना आहे.

पुरात भिजलेला फ्रीज पुसून लावणं

२०१९ च्या ऑगस्टमध्ये आणि २०२१ च्या जुलैत पंचगंगेचं पाणी ज्या घरांत शिरलं, तिथल्या फ्रीजमध्ये तळाशी असलेला टायमर हमखास बुडाला. बाहेरून पुसून लावलेले फ्रीज चालले, आणि काही महिन्यांनी फ्रीजरमध्ये बर्फाची भिंत. अशी एक डबी मी उघडली, तर चाकांच्या दातांत वाळलेला गाळ बसला होता, केसाच्या जाडीचा. असा टायमर धुऊन वापरू नका, सरळ बदला.

बदलताना नुसता आकार बघून आणू नका. वरून अगदी सारख्या दिसणाऱ्या डब्यांत पिनांचा क्रम वेगळा असतो आणि तासही वेगळे असतात. जुनी डबी खिशात घालून दुकानात जा, तिच्यावरचा नंबर दाखवा. वायरी काढण्याआधी फोटो काढा. नंतर रंग आठवत नाहीत, मलासुद्धा.

इन्व्हर्टर बोर्डाच्या बाबतीत मात्र घरी हात घालू नका. प्लग काढल्यावरही त्याच्या कपॅसिटरमध्ये तीनशे व्होल्टच्या आसपास दाब काही वेळ टिकून राहतो.

वहिनींच्या फ्रीजमध्ये टायमर छतावरच्या बॉक्समध्ये होता, आणि तो ठणठणीत होता. थर्मल फ्यूज उडालेला होता. नवा बसवला, ड्रेनच्या भोकात पेलाभर कोमट पाणी ओतून ते मागच्या ट्रेत उतरतंय हे पाहिलं, आणि फ्रीजर गच्च भरू नका, मागच्या झरोक्यापुढं बोटभर जागा ठेवा एवढं सांगितलं. "मग मटण कुठं ठेवू?" असं त्यांनी विचारलं. त्याला माझ्याकडं उत्तर नव्हतं.

निघताना मागच्या पत्र्यावर मार्करनं लिहिलं: टायमर छतावर, बल्बच्या बॉक्सात, फ्यूज बदलला, आणि खाली तारीख. तुम्हीही लिहून ठेवा. पुढच्या खेपेला कदाचित मीच येईन, आणि परत स्क्रूच्या टोप्या शोधत बसेन.