मयताचे वारस दाव्यावर घेताना या चुका टाळा

दिवाणी दाव्यात पक्षकार वारला की त्याचे वारस रेकॉर्डवर घेण्याचा अर्ज 90 दिवसांत करायचा असतो, हे सगळ्यांना पाठ असतं. हे 90 दिवस कुठून मोजायचे, तिथे मात्र गाडी अडते. मुदत मृत्यूच्या तारखेपासून धावते. कळल्याची तारीख तिथे चालत नाही.

कोकणात ही चूक जास्त होते, कारण सातबारावर दहा नावं आणि त्यातली सहा माणसं मुंबईत. प्रतिवादी क्र. 4 बोरिवलीला मुलाकडे राहतो आणि 1 जून 2024 ला वारतो, असं धरा. भाऊबंदकीचा वाटपाचा दावा, म्हणजे बोलणं बंद. वादीला बातमी लागते 7 सप्टेंबरला, गणपतीला चाकरमानी आल्यावर. तोवर 90 दिवस 30 ऑगस्टलाच संपलेले. दावा त्या प्रतिवादीपुरता आपोआप अबेट झाला, म्हणजे त्याच्याविरुद्ध संपला. त्यासाठी कोर्टाला हुकूम करावा लागत नाही, त्यामुळे रोजनामा (कोर्टातल्या रोजच्या कामाची नोंद) वाचून काही कळत नाही.

तरी इथवर काही बिघडलेलं नसतं. अबेटमेंट रद्द करून घ्यायला आणखी 60 दिवस मिळतात, म्हणजे 29 ऑक्टोबरपर्यंत. वादीच्या हातात 52 दिवस आहेत. आणि नेमकं इथेच कोणीतरी म्हणतं, "आता दिवाळीची सुट्टी होऊन जाऊ दे, मग बघू." मुदत उलटल्यावर अर्ज दिला की विलंब माफी मागावी लागते. मृत्यू माहीत नव्हता हे कारण कोर्ट विचारात घेतं, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 22 रूल 4 मध्येच तशी तरतूद आहे. पण 7 सप्टेंबरला कळल्यावर दिवाळी उलटेपर्यंत काय केलं, याचं उत्तर त्या कारणात नसतं. वाटपाच्या दाव्यात सगळे हिस्सेदार आवश्यक पक्षकार, म्हणून एकापुरता अबेट झालेला दावा सगळाच कोसळू शकतो.

हे 90 आणि 60 मिळून 150 दिवस उलटल्यावर मागण्या तीन हव्यात: विलंब माफ करा, अबेटमेंट रद्द करा, वारस दाखल करा. घाईतले लोक फक्त तिसरी लिहितात. वारस दाखल करण्याच्या मागणीतच अबेटमेंट रद्द करण्याची मागणी आली असं धरता येतं, हे सर्वोच्च न्यायालयाने 2003 मध्ये म्हटलंय खरं. पण दोन ओळी लिहायचा कंटाळा म्हणून त्या निकालावर विसंबणं मला पटत नाही.

दुसरी आवडती चूक म्हणजे कागदांची वाट पाहणं. वारस दाखला (1827 च्या रेग्युलेशनखाली कोर्ट देतं तो) मिळाल्यावर अर्ज देऊ म्हणून लोक बसून राहतात. या अर्जाला तो दाखला लागत नाही. तलाठ्याकडची वारस नोंदही लागत नाही. वारस कोण यावर वाद निघाला तर ऑर्डर 22 रूल 5 खाली तेच कोर्ट ठरवतं, तेही त्या दाव्यापुरतं. मृत्यूचा दाखला हवा, पण तो मृत्यू जिथे झाला तिथे मिळतो. माणूस बोरिवलीला वारला तर गावच्या ग्रामपंचायतीत खेपा घालून उपयोग नाही, महापालिकेच्या वॉर्ड ऑफिसात जावं लागतं. अर्ज प्रतिज्ञापत्रावर आधी ठोकावा, दाखला मागाहून यादीसोबत जोडावा.

आता बहिणी. "त्यांनी सोडून दिलंय हो" हे वाक्य ऐकलं की पेन खाली ठेवावं आणि नोंदणीकृत हक्कसोडपत्र दाखवा म्हणावं. बहुतेक वेळा स्टॅम्पवरचं साधं लिखाण निघतं, किंवा बाप जिवंत असतानाच घेतलेली सही. तेव्हा बापाच्या मिळकतीत वारस म्हणून सोडायला तिचा हक्कच जन्मलेला नव्हता. खरं हक्कसोडपत्र असलं तरी मी तिला पक्षकार करायलाच सांगेन. समन्सच्या खर्चात भांडण वाचतं. माहेरचं नाव, सासरचं नाव आणि आजचा पत्ता, तिन्ही लिहावं. हिंदू पुरुषाची आई हयात असेल तर तीही पहिल्या वर्गाची वारस. म्हातारीला यादीतून गाळणारे निम्मे तरी असतील. आधीच वारलेल्या मुलाची बायको आणि मुलं तिच्या खालोखाल विसरली जातात. दापोली, खेडकडच्या मुसलमान कुटुंबात मात्र हीच यादी उतरवू नका: तिथे मयताचा एक मुलगा हयात असेल तर आधी वारलेल्या मुलाची मुलं वारस होत नाहीत.

नीट चौकशी करूनही एखादा वारस राहिला, तर मुदतीत आलेले बाकीचे वारस मयताच्या मिळकतीचं प्रतिनिधित्व करतात आणि दावा अबेट होत नाही. राहिलेला कळला की लगेच घ्यावा. जाणूनबुजून लपवला असेल तर हे संरक्षण नाही. मयताचे सगळे वारस आधीच दुसऱ्या क्रमांकाने दाव्यात असतील, तरी तशी पुरसिस (कोर्टाला द्यायचं लेखी निवेदन) देऊन शीर्षक दुरुस्त करून घ्या.

सातबारा बघून दावा लावणाऱ्यांसाठी: त्यावरचे आजोबा वीस वर्षांपूर्वी वारलेले असू शकतात. दावा दाखल करतानाच मयत असलेल्या माणसाला ऑर्डर 22 लागू होत नाही. तो एकटाच प्रतिवादी असेल तर दावा मुळातच निरर्थक. इतर हयात असतील तर वारस ऑर्डर 1 रूल 10 खाली घ्यावे लागतात, आणि मुदतीचा प्रश्न नव्याने उभा राहतो. दावा लिहिण्याआधी फेरफार (सातबारावरच्या बदलांच्या नोंदी) काढा आणि गावात चौकशी करा. दोन दिवसांचं काम आहे.

बेलिफाने समन्सवर "मयत" शेरा मारून परत केलं, आणि ते फाईलमध्ये तसंच पडून राहिलं, हेही नेहमीचं. विरुद्ध बाजूच्या वकिलाला पक्षकार वारल्याचं कळलं तर कोर्टाला सांगणं त्याचं कर्तव्य आहे (ऑर्डर 22 रूल 10अ). पण तो सांगेल या भरवशावर राहू नका.

अर्ज मंजूर झाला म्हणजे काम झालं असं नव्हे. हुकमात दिलेल्या मुदतीत, आणि मुदत दिलेली नसेल तर 14 दिवसांत, दाव्याच्या शीर्षकात दुरुस्ती करा: "4 (मयत) तर्फे वारस 4अ, 4ब, 4क". झेरॉक्सच्या दुकानातला तयार नमुना घेतलात तर निदान मागच्या अशिलाचं नाव तरी खोडा.

अज्ञान (18 वर्षांखालच्या) वारसाला पालनकर्ता नेमून घ्या. वादी वारला असेल तर वारसांचं नवं वकीलपत्र घ्या, जुनं त्याच्याबरोबर संपलं. प्रतिवादीने कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तरच दिलं नसेल तर त्याच्या वारसांपासून सूट मागता येते, पण ती निकालाआधी. युक्तिवाद संपल्यावर आणि निकालाआधी कोणी वारलं तर अबेटमेंट नाही. दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीत, 90 दिवसांची भानगड नाही. वाटपाचा प्राथमिक हुकूमनामा (हिस्से ठरवणारा) झाल्यावरही दावा अबेट होत नाही, वारस तेवढे घ्यावे लागतात.