इंग्लंडच्या पोलिसात बढती हवी असेल तर आधी ‘आम्ही’ सोडा

मी मूळची सांगलीची. लग्न होऊन इंग्लंडला आले, एकतिसाव्या वर्षी पोलिस कॉन्स्टेबल झाले आणि चीफ इन्स्पेक्टर म्हणून निवृत्त झाले. मंडळाच्या गणपतीत दरवर्षी कुणाचा ना कुणाचा मुलगा प्रसादाची वाटी हातात घेऊन विचारतोच, “काकू, पोलिसात वर कसं जायचं हो?” म्हणून एकदाच लिहून ठेवते.

पहिलं म्हणजे आयपीएस डोक्यातून काढा. एक परीक्षा दिली आणि थेट साहेब झालो, असं इथे नाही. 2014 मध्ये बाहेरची माणसं एकदम सुपरिंटेंडंट म्हणून घ्यायची योजना आली होती, पण काही वर्षांतच ती थांबली. क्रेसिडा डिक 2017 मध्ये लंडनच्या मेट्रोपॉलिटन पोलिसांच्या पहिल्या महिला कमिशनर झाल्या. बाई ऑक्सफर्डच्या, तरी 1983 मध्ये भरती झाल्या त्या कॉन्स्टेबल म्हणूनच. तेव्हा तुमची एमएस्सी असू द्या, आधी नाइट शिफ्टसाठी चांगले बूट घ्या.

शिडी अशी: कॉन्स्टेबल, सार्जंट (खांद्यावर तीन फिती), इन्स्पेक्टर (दोन तारे), चीफ इन्स्पेक्टर (तीन), सुपरिंटेंडंट (मुकुट), चीफ सुपरिंटेंडंट (मुकुट आणि तारा). डिटेक्टिव्ह हा वरचा हुद्दा नव्हे. डिटेक्टिव्ह सार्जंट आणि गणवेशातला सार्जंट एकाच पायरीवर असतात, हे आमच्या सासूबाईंना शेवटपर्यंत पटलं नाही.

सार्जंट आणि इन्स्पेक्टर होण्यासाठी कायद्याची परीक्षा असते, पर्यायी उत्तरांची. पाठांतरात आपण कमी नाही, पण नुसत्या पाठांतरावर पास व्हाल असं समजू नका. 1984 च्या ‘पेस’ कायद्यातली (पोलिसांचे अधिकार आणि पुरावे यांचा कायदा) कोठडीची घड्याळं घ्या. घड्याळं दोन आहेत आणि ती वेगवेगळ्या वेळी सुरू होतात. समजा, आरोपीला रात्री 9:40 ला ठाण्यात आणलं आणि कस्टडी सार्जंटने 10:20 ला कोठडी मंजूर केली. कोठडीच्या मुदतीचे चोवीस तास मोजायचे ते साधारणपणे 9:40 पासून. पण पहिला फेरविचार सहा तासांच्या आत, आणि ते सहा तास 10:20 पासून. म्हणजे पहाटे 4:20 च्या आत तपासाशी थेट संबंध नसलेल्या इन्स्पेक्टरने बघायचं, की या माणसाला अजून ठेवायची गरज आहे का. त्यानंतरचा फेरविचार नऊ तासांच्या आत. गंभीर गुन्ह्यात छत्तीस तासांपर्यंत मुदत वाढवायची तर सुपरिंटेंडंटची मंजुरी लागते, त्यापुढे मॅजिस्ट्रेटची. हे कागदावर घड्याळं काढून शिका. पुढे इन्स्पेक्टर झालात की पहाटे चारला याच हिशोबासाठी फोन येणार आहे.

परीक्षा झाली की खरा घाट लागतो, तो बोर्डाचा, म्हणजे बढतीच्या मुलाखतीचा. इन्स्पेक्टरच्या पहिल्या बोर्डात मी आपटले. एक विसरभोळे आजोबा हरवले होते. सगळे गावात शोधत होते. त्यांच्या बायकोशी बोलताना मला कळलं की दुपारपासून ते “घेवड्याला पाणी घालायचंय” म्हणत होते. मी दोन माणसं गावातून काढून त्यांच्या भाड्याच्या भाजीच्या वाफ्यांकडे पाठवली आणि आजोबा तिथल्या शेडमध्ये सापडले. बोर्डापुढे मी काय सांगितलं? “आम्ही चौकशी केली, आम्ही शोध वळवला.” तीनदा विचारलं, “तुम्ही काय केलंत?” तिन्ही वेळा मी म्हटलं, “आमच्या टीमने.” शेऱ्यात आलं की उमेदवाराचा स्वतःचा निर्णय दिसला नाही. आपल्याकडे ‘मी मी’ करणाऱ्याला नावं ठेवतात ना, तेच संस्कार नडले.

म्हणून एक वही करा. दर आठवड्याला एकच प्रसंग लिहा: काय दिसलं, हातात कोणते पर्याय होते, कोणता सोडला आणि का. सोडलेल्या पर्यायाचं कारण सांगता आलं की बोर्ड मान वर करून बघतं. नावंपत्ते मात्र त्या वहीत लिहू नका, ती घरी असणार आहे.

सुपरिंटेंडंटच्या पुढे जायचं असेल तर मोठ्या बंदोबस्ताच्या कमांडचं प्रशिक्षण लवकर मागून घ्या. कमांडच्या तीन पातळ्या असतात: गोल्ड धोरण ठरवतो, सिल्व्हर आखणी करतो, ब्राँझ जागेवर काम करून घेतो. फुटबॉलच्या मॅचला हे सगळं नीट शिकायला मिळतं. आणि एकाच फोर्सला, म्हणजे एकाच भागाच्या पोलिस दलाला, चिकटून बसू नका. मार्क रॉली वेस्ट मिडलँड्समध्ये लागले, सरे पोलिसांचे चीफ कॉन्स्टेबल (म्हणजे तिथले प्रमुख) झाले आणि 2022 मध्ये लंडनचे कमिशनर. अगदी वरच्या खुर्चीसाठी राष्ट्रीय पातळीवरचा कोर्स आणि निवड असते. मी तिथवर गेले नाही, तेव्हा उगाच ज्ञान पाजळत नाही.

बोर्डाची तारीख आली की रविवारी माझ्याकडे या. स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसू. इंग्रजीत ‘वी’ म्हणालात की मी चमचा कपावर वाजवणार. मागच्या मुलाच्या वेळी पहिल्या दहा मिनिटांत सतरा वेळा वाजवला.