वीरगळातला घोडा कसा बघावा

सातारा जिल्ह्यातल्या किकलीला सकाळी आठच्या आत पोचा. चंदन-वंदन किल्ल्यांच्या पायथ्याचं हे गाव. भैरवनाथाच्या देवळापाशी वीरगळ, म्हणजे लढताना पडलेल्या वीरांच्या आठवणीचे कोरीव दगड, उभे आहेत. ऊन तिरपं असतं तेव्हाच कोरीवकाम उठून दिसतं, दुपारी सगळा दगड सपाट वाटतो. उशीर झालाच तर मी बाजूने आरशाचा उजेड पाडते. पण चुना, पीठ, तेल, खडू काही लावू नका, हात जोडून सांगते.

वाचायचं खालून वर. तळाशी लढाई, मध्ये वीराला नेणाऱ्या अप्सरा, वर शिवलिंगाची पूजा, माथ्यावर चंद्र-सूर्य. घोडा शोधायचा लढाईच्या पट्टीत. शेजारी गायी असतील तर वीर गोधन राखताना पडला असं समजा. घोडा दिसला की थांबा. लगाम कुठे, खोगीर आहे का, पाय रिकिबीत आहे का, समोरचा पायदळी आहे की स्वार? हे सगळं वहीत काढून घ्या. फोटोत निम्मं निसटतं.

घरी जुने मोडी कागद असतील तर दोन शब्द वेगळे ठेवा. स्वतःचा घोडा आणणारा तो शिलेदार, सरकारी पागेतल्या घोड्यावर बसणारा तो बारगीर. शिवकाळात पंचवीस बारगिरांवर एक हवालदार असे, आणि त्यांच्यामागे पाणी वाहणारा एक पखालजी, घोड्यांना नाल ठोकणारा एक नालबंद. या शेवटच्या दोघांची नावं मी आधी शोधते. पाणी आणि नाल नसेल तर घोडा घाट कसा चढणार? त्यांचे वीरगळ मला अजून कुठे दिसले नाहीत.