टेबल मागून घ्यावं लागतं: सरकारी कार्यालयात नव्याने रुजू झालेल्या मुलींसाठी

मी लिपिक-टंकलेखक म्हणून लागले आणि प्रशासन अधिकारी म्हणून निवृत्त झाले. सगळी नोकरी मुंबईत, बहुतेक सीएसएमटीच्या आसपास. हल्ली ओळखीतली कुणाची तरी मुलगी परीक्षा पास होऊन रुजू होते आणि तिची आई मला फोन लावून देते, "मावशीला विचार, ऑफिसात कसं वागायचं ते." वागण्याबद्दल मला काही सांगायचं नाही, ते तुला येतंच. मला सांगायचंय ते टेबलाबद्दल, म्हणजे तुझ्या वाट्याला कोणतं काम येतं त्याबद्दल.

रुजू झाल्यावर पहिल्याच आठवड्यात आस्थापना शाखेत जा आणि कार्यवाटपाचा आदेश वाचायला माग. कुणाकडे कोणतं काम, हे त्या दोन-तीन पानांत लिहिलेलं असतं. नुसता वाचू नकोस, पेन्सिल घेऊन बस. आवक-जावक, टंकलेखन, रजा नोंदी, भांडार ही टेबलं कुणाकडे आहेत आणि न्यायालयीन, अर्थसंकल्प, विधिमंडळ कामकाज, निविदा, विभागीय चौकशी कुणाकडे, ते बघ. पहिल्या गटात बायकांची नावं दाट आणि दुसऱ्यात विरळ दिसली, तर तुझ्या कार्यालयात समानता कुठे अडलीय ते तुला कळलं. आठ मार्चच्या कार्यक्रमाला गुलाब मिळतो का, यावरून ते कळत नाही.

हे एवढं महत्त्वाचं का, तर सरळसेवा भरतीत (म्हणजे पदोन्नतीने नव्हे, बाहेरून थेट होणाऱ्या भरतीत) महिलांना ३० टक्के समांतर आरक्षण आहे, म्हणजे प्रत्येक प्रवर्गाच्या आतच. १९९४ साली महाराष्ट्राने महिला धोरण आणलं, देशातलं पहिलं. त्या काळापासून कार्यालयांत बायका जास्त दिसायला लागल्या. पण ते आरक्षण दारातून आत आणतं, वर नेत नाही. पदोन्नतीत ते नाही. वर जाताना ज्येष्ठता बघतात, गोपनीय अहवाल बघतात, आणि "हिला काय काय येतं" हेही बघतात. वीस वर्षं आवक-जावकवर बसलेल्या बाईला नियम पाठ असले, तरी अवघड फाईल तिच्याकडे येत नाही. फाईलच आली नाही, तर ती शिकणार कुठून?

नकार गोड असतो

मी न्यायालयीन टेबल मागितलं तेव्हा साहेब अगदी आपुलकीने म्हणाले, "अहो, मुलं लहान आहेत ना तुमची? हायकोर्टात दिवसदिवस बसावं लागतं, सरकारी वकिलांकडे संध्याकाळी थांबावं लागतं. तुम्हाला कशाला त्रास?" चहा पण पाजला. त्यांच्या मनात काही वाईट नव्हतं, म्हणूनच तो नकार मोडायला अवघड होता. शेजारच्या सहकाऱ्याची मुलं माझ्या मुलांपेक्षाही लहान होती. त्याला हा प्रश्न कुणी विचारला नव्हता.

अशा वेळी वाद घालू नकोस. जागेवर ये आणि अर्ज लिही. तोंडी मागणीला तोंडी नकार मिळतो आणि दोन्ही हवेत विरतात. अर्ज चार ओळींचा पुरतो:

"विषय: न्यायालयीन प्रकरणांचे कामकाज सोपविणेबाबत. महोदय, मी सध्या आवक-जावक शाखेत कार्यरत आहे. न्यायालयीन टेबलाचे कामकाज पाहणारे कर्मचारी दि. ३१ मे रोजी नियत वयोमानानुसार सेवानिवृत्त होत असून सदर टेबल रिक्त होत आहे. प्रकरणांची नोंदवही अद्ययावत ठेवणे व परिच्छेदनिहाय अभिप्राय तयार करणे याची मला माहिती आहे. सदर कामकाज माझ्याकडे सोपविण्यात यावे, ही विनंती."

यात तीन गोष्टी मुद्दाम केल्या आहेत. घरचं एक अक्षर नाही; "मुलं मोठी झाली असल्याने" असंही लिहायचं नाही, कारण ते लिहिलंस की मुलं हा मुद्दा तूच मान्य केलास. टेबल कधी रिकामं होणार ती तारीख दिली आहे. आणि काय येतं ते सांगितलंय, भावना सांगितलेल्या नाहीत. अर्ज आवकमध्ये दे, दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारखेसह पोच घे. आता नकार द्यायचा तर कागदावर कारण लिहावं लागेल. "महिला कर्मचारी असल्याने" असं शेरा मारून सही करणारा अधिकारी मला तरी भेटला नाही. बहुतेक वेळा अर्ज थोडे दिवस पडून राहतो आणि मग टेबल मिळतं, किंवा निदान "सहा महिन्यांनी बघू" असा शेरा मिळतो. तोही चालेल. सहा महिन्यांनी त्या शेऱ्याचा संदर्भ देऊन स्मरणपत्र दे.

टेबल रिकामं कधी होणार हे कळायला ज्येष्ठता यादी वाच. दर वर्षी १ जानेवारीची स्थिती दाखवणारी तात्पुरती यादी फिरते, तिच्यात सगळ्यांच्या जन्मतारखा असतात. आपल्याकडे गट क साठी अठ्ठावन्न पूर्ण झालं की त्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी निवृत्ती. म्हणजे पुढच्या वर्षभरात कोणती खुर्ची कधी रिकामी होणार, हे तुला जानेवारीतच कळतं. शिवाय बदल्यांचा हंगाम एप्रिल-मे. अर्ज मार्चमध्ये गेला पाहिजे. जूनमध्ये अर्ज करणाऱ्याला सगळे फक्त "अरेरे" म्हणतात.

त्याच यादीत स्वतःचं नाव, रुजू दिनांक, जात प्रवर्ग तपास. बायकांच्या बाबतीत हमखास होणारा घोळ नावाचा. लग्नानंतर नाव बदललं असेल तर सेवापुस्तकात एक, यादीत दुसरं, पॅनवर तिसरं. नाव बदलायचंच असेल तर राजपत्रात प्रसिद्ध करून सेवापुस्तकात नोंद घे आणि मग सगळीकडे एकच ठेव. बदलायलाच हवं असं कुठल्याही नियमात नाही. चूक दिसली तर हरकत मुदतीतच नोंदव. यादी अंतिम झाली की मॅटपर्यंत, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणापर्यंत, जायची पाळी येते.

टेबल मिळाल्यावर

कार्यभार घेताना घाईने सही करू नकोस. "अहो मॅडम, सगळं ठीक आहे, करा सही" म्हणतील. कपाट उघड, लाल फडक्यातली बाडं खाली काढ, प्रत्येक प्रकरणाची पुढची तारीख आणि शपथपत्र गेलंय की नाही ते यादीत लिही. जे सापडत नाही, त्यापुढे "प्राप्त नाही" असं लिहून मगच सही कर. अवघड टेबल बाईला देताना कधीकधी त्याबरोबर आधीच्याचं सगळं थकलेलं कामही देतात आणि मग म्हणतात, "बघा, बाईला झेपलं नाही."

काम समजून घेताना विचारायला लाजू नकोस, पण एकाच माणसाला विचारत बसू नकोस. मला परिच्छेदनिहाय अभिप्राय, म्हणजे याचिकेतल्या एकेका परिच्छेदाला कार्यालयाचं उत्तर, लिहायला शिकवलं ते सरकारी वकिलांच्या कार्यालयातल्या एका लिपिकाने. माझ्या शाखेतल्या कुणी नाही.

वेळेचं म्हणशील, तर २९ फेब्रुवारी २०२० पासून पाच दिवसांचा आठवडा आला आणि कार्यालय पावणेदहा ते सव्वासहा झालं. बदलापूर किंवा विरारला राहणारीला सव्वासहा म्हणजे घरी पोचायला आठ. अधिवेशनाच्या काळात लक्षवेधीचं (आमदारांनी सभागृहात मांडलेल्या सूचनेचं) उत्तर रात्री जातं, तेव्हा थांबावंच लागतं. थांब, पण पाळी लावून घे. "मी सोमवार-बुधवार थांबते, तुम्ही मंगळवार-गुरुवार" हे आधी ठरवून घेतलं की कुणी उपकार केल्यासारखं तुला लवकर सोडत नाही. उपकाराने लवकर सुटणारीला पुढच्या अधिवेशनात वगळतात.

बैठकीत इतिवृत्त लिहायला बहुधा तुलाच सांगतील, अक्षर चांगलं आहे म्हणून. ते मात्र आनंदाने घे. कोणता निर्णय झाला आणि तो कुणी करायचा, हे शब्दांत तू मांडतेस. आणि सचिवांपुढे जाणाऱ्या कागदावर तुझी आद्याक्षरं असतात. पुष्पगुच्छाचं तसं नाही. पाहुणे आले की तबक घेऊन दारात उभं राहायला बायकाच का लागतात, हे मला आजवर कळलेलं नाही. "सर, मी फाईल घेऊन आत बसते, आकडे विचारले तर लागतील" असं म्हण आणि खरंच फाईल घेऊन आत बस. दोनदा केलंस की तिसऱ्यांदा बोलावत नाहीत.

वर्षअखेरीच्या कार्यमूल्यमापन अहवालात (तोच तो गोपनीय अहवाल) स्वतःबद्दल लिहायची जागा असते. माझ्या हाताखालच्या मुली तिथे "नेमून दिलेली सर्व कामे वेळेत पार पाडली" एवढंच लिहायच्या. असं लिहिलंस तर वाचणाऱ्याच्या हाती काही लागत नाही. किती प्रकरणं घेतली, किती शपथपत्रं मुदतीत गेली, किती निकाली निघाली, ते आकड्यांत लिही. प्रतवारी कळल्यावर पटली नाही तर मुदतीत अभिवेदन, म्हणजे लेखी हरकत, दे.

इथे अण्णा राजम मल्होत्रा यांची आठवण काढते. १९५१ च्या आयएएस, स्वातंत्र्यानंतरच्या या सेवेतल्या पहिल्या बाई. लग्न केलंत तर नोकरी जाईल, अशी अट त्यांच्या नेमणुकीच्या आदेशातच होती. मद्रासचे मुख्यमंत्री राजाजी त्यांना जिल्ह्यात पाठवायला तयार नव्हते, सचिवालयातलं काम देऊ करत होते. आपल्या साहेबांनी चहा पाजला तसंच की! त्यांनी मानलं नाही, घोडेस्वारी आणि बंदूक चालवायचं प्रशिक्षण घेतलेलं होतंच, भांडून होसूरची सबकलेक्टरी मिळवली. पुढे पलीकडच्या किनाऱ्यावरच्या न्हावाशेवा बंदराच्या उभारणीची जबाबदारी त्यांच्याकडे आली. आणि महाराष्ट्र राज्य १९६० मध्ये झालं, पहिल्या महिला मुख्य सचिव सुजाता सौनिक २०२४ मध्ये झाल्या. मधल्या चौसष्ट वर्षांत हुशार बायका नव्हत्या असं कोण म्हणेल?

रजा आणि तक्रार

प्रसूती रजा १८० दिवस आहे हे सगळ्यांना ठाऊक असतं. बालसंगोपन रजा मात्र अनेकजणी मागतच नाहीत. जुलै २०१८ च्या शासन निर्णयाने ती राज्य कर्मचाऱ्यांना मिळाली: संपूर्ण सेवेत १८० दिवस, मूल अठरा वर्षांचं होईपर्यंत. पत्नी हयात नसलेल्या किंवा पत्नी अंथरुणाला खिळलेली असलेल्या पुरुषांनाही ती आहे, हे शाखेतल्या पुरुषांना जरूर सांग. दहावीच्या परीक्षेला ही रजा घेता येते. अर्ज मात्र आधी दे आणि टेबल कुणाकडे सोपवतेस ते त्यातच लिही, म्हणजे परत आल्यावर ते तुझंच राहतं.

लैंगिक छळाच्या तक्रारीबद्दल नीट ऐक. २०१३ च्या कायद्याने दहा किंवा अधिक माणसं असलेल्या प्रत्येक कार्यालयात अंतर्गत समिती हवी: अध्यक्ष वरिष्ठ पदावरची महिला, सदस्यांत निम्म्या तरी महिला, एक सदस्य बाहेरचा. समितीची नावं फलकावर लावलेली असतात. फलक जुना आहे का, त्यातली अर्धी माणसं निवृत्त झालीत का, हे गरज पडायच्या आधीच बघून ठेव. तक्रार लेखी, घटनेपासून तीन महिन्यांत. कारण पटलं तर समिती आणखी तीन महिने देऊ शकते. कागदपत्रं आणि साक्षीदारांच्या नावांसह सहा प्रती. चौकशी नव्वद दिवसांत संपायला हवी. चौकशी चालू असताना तू लेखी मागितलंस, तर तुझी किंवा ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे त्याची बदली, किंवा तुला तीन महिन्यांपर्यंत रजा, अशी शिफारस समिती करू शकते. त्याची बदली माग. टेबल सोडून तूच जाण्याचं काही कारण नाही. तक्रार कार्यालय प्रमुखाविरुद्धच असेल, तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे जायचं. मुंबईत जिल्हे दोन आहेत, कार्यालय ज्या जिल्ह्यात त्याची समिती. फोर्टात असशील तर मुंबई शहर, वांद्रे पूर्वेला असशील तर उपनगर.

"समजुतीने मिटवा" असं सांगायला कुणीतरी येईलच, बहुधा एखादी ज्येष्ठ बाईच. कायद्यात समेट आहे, पण तो तू मागितलास तरच, आणि पैशांच्या मोबदल्यावर होत नाही. त्यांना एवढंच सांग आणि चहा पिऊन ये.

या सगळ्या अर्जांच्या पोच घेतलेल्या प्रती कार्यालयाच्या खणात ठेवू नकोस. घरी एक फाईल कर: नेमणूक आदेश, कार्यवाटपाचे सगळे आदेश, टेबलाचे अर्ज, कार्यभार याद्या, प्रतवारीची पत्रं. सेवापुस्तक वर्षातून एकदा मागून बघ आणि त्याची छायांकित प्रत त्यात घाल. ई-ऑफिस आलं म्हणून कागद गेले असं समजू नकोस. बदली झाली की तुझा लॉगिन बदलतो आणि जुनी नस्ती (फाईल) उघडत नाही.